तार आणणारा

पोस्टरवर हिरोचा फोटो टोपल्याएवढा,
नागपूरहून आणलेल्या नटीचा त्याहून मोठा.
आडकू लांजेवारचं नाव
तबलजी आणि लाउडस्पीकरवाल्याच्या मधे,
तेही वडशाच्या छापखान्यात जागा उरली तर.

एकतीस सीझन.
भाऊबीजेपासून होळीपर्यंत,
आज मंडई, उद्या शंकरपट,
धान कापलेल्या बांधीत खड्डा खणून
तणसावर बसलेल्या दोन-तीन हजार माणसांपुढे
आडकू दुसऱ्या अंकात यायचा
आणि म्हणायचा,
"मालक, तार आली."

कधी गडी, कधी हवालदार,
एकदा साधू. साधूनंही तारच आणली.
मालक वाचून कोसळायचा,
बायका डोळ्यांना पदर लावायच्या,
आणि आडकू मागे सरत सरत
विंगेच्या अंधारात माझ्यापाशी यायचा.
"बरोबर झालं ना, प्रॉम्प्टर?"
एका ओळीत चुकणार काय?
तरी विचारायचा.

मी स्टुलावर, मांडीवर वही, हातात बॅटरी.
त्याला वाचता येत नव्हतं.
सगळी नाटकं त्यानं
माझ्या कुजबुजीतून घेतलेली.

पुढे तार मागे पडली.
"मालक, सरपंचाकडे फोन आला."
मग नुसतंच, "फोन आला."
एका खेपेला सवयीनं तार निघून गेली तोंडून,
पोरं खिदळली,
मॅनेजरनं पन्नास रुपये कापले.

गावोगावी त्याला ओळखायचे, नावानं नाही.
एक म्हातारी दारातूनच ओरडली,
"तू माज्या घरी नोको येऊ बापा!"
चहा दिला तिनं, पण बाहेर,
बैलबंडीच्या जुवावर बसवून.

तेविसावा सीझन. पौषातली रात्र.
पहिला अंक नुकताच पडलेला.
आडकू खाकीत तयार, मिशी डिंकानं चिकटवलेली.
आयोजकांच्या घरी फोन आला होता.
सगळ्यांनी मिळून त्यालाच पाठवलं माझ्याकडे.
साहजिकच. त्याचंच काम ते.

तो समोर येऊन थांबला.
ओठ हलले, आवाज नाही.
मी बॅटरी त्याच्या तोंडावर धरली.
नट अडला की माझी जीभ
मला न विचारता पुढे होते.
मी हळूच म्हणालो, रोजच्यासारखं,
"मालक..."
"मालक," तो म्हणाला.
"घरून..."
"घरून," तो म्हणाला,
आणि पुढचं मला
वही न बघता कळलं.

मॅनेजरची फटफटी त्यानंच काढली.
वैनगंगेच्या पुलापाशी खऱ्या शिपायानं
त्याला सलाम ठोकला.
आडकूनंही ठोकला.
मागे बसून मी हसलो,
हे आजवर कोणाला बोललो नाही.

सकाळी नदीवर तो खाकीतच होता,
अर्धी मिशी लोंबत,
पार्बताच्या सरणाची लाकडं खांद्यावर.
माझी नातवंडं अजून सांगतात,
आजी गेली तेव्हा पोलीस रडत होता.

तिसऱ्या अंकाला त्या रात्री
ना प्रॉम्प्टर ना हवालदार.
नाटक बरं झालं म्हणे.

आता खबर आणायला माणूस लागत नाही.
हिरोच्या खिशात मोबाईल वाजतो,
साउंडवाला पोरगा बटण दाबतो.

यंदा मंडईला आडकू खाली बसला होता,
तणसावर, माझ्या शेजारी,
कानटोपी, शिल्लक दात तीन.
स्टेजवर रिंग वाजली
आणि म्हातारा गुडघ्यावर हात रोवून
अर्धा उठला.

मी त्याचा सदरा धरला.
"बस आडकू. तुझी एन्ट्री नाही."
"मालूम हाये," म्हणाला.
खाली बसायला मात्र
बराच वेळ लागला त्याला.