बाहेरची शिट्टी

खारीगावच्या मैदानावर व्यावसायिक गटाची फायनल.
चोवीस-चोवीस.
शेवटची चढाई, आणि ती माझी.
एवढं कळव्यात कुणालाही विचारा, सांगतील.
मग हसून हेही सांगतील, की बांबूच्या गॅलरीत
तिसऱ्या फळीवर हिराजी मढवी बसला होता,
काचेच्या कारखान्यातली पाळी उरकून
थेट, खाकीतच,
खांद्याच्या दोरीला वॉचमनची पितळी शिट्टी.

आमचाच माणूस.
आमच्या प्रत्येक पकडीला स्वतःची मांडी थोपटणारा.

मी डाव्या कोपऱ्याच्या मनगटाला बोट लावून वळलो
आणि हिराजीला दिसलं,
त्या कोपऱ्याची टाच चुन्याच्या बाहेर गेलेली.
पंचाला दिसली नाही. त्याला दिसली.
हात तोंडाकडे कधी गेला
त्याचं त्यालाही कळलं नाही.

शिट्टी वाजली.
मी थांबलो.
मध्यरेषा दोन पावलांवर.
सगळ्यांनी मिळून मला मातीत घातलं
आणि सरपंच म्हणाले, बाहेरची शिट्टी धरत नाहीत.

चोवीस-पंचवीस.

त्या रात्री त्याची सायकल कुणी खाडीत टाकली.
पुढे तो मासळीबाजारात शिरला की
कोळंबीच्या टोपल्यांमागून एखादं पोर शीळ घालायचं.
पुतणीच्या हळदीला बेंजोवाल्यांनी मध्येच वाजप थांबवून
एक लांब शिट्टी फुंकली,
मांडव हसला, तोही हसला,
आणि जेवायच्या आधी निघून गेला.
मतदारयादीत मढवी, गावात शिट्टी.
हॅलोजनचा उजेड घरात येतो म्हणून
मैदानाकडच्या खिडकीला त्याने पत्रा ठोकला.

माझं मात्र बरं झालं.
साहेब म्हणाले, त्यात तुझी काय चूक,
आणि खेळाडूंच्या कोट्यात मी कायम झालो.
त्यावर फ्लॅट, मुलीचं इंजिनिअरिंग, गुडघ्याचं ऑपरेशन.

आता ऐका.
शिट्टी वाजायच्या आधी
माझा दम सुटला होता.
अर्धा श्वास आधी. ‘कबड्’वर तुटला,
‘डी’ तोंडात आलाच नाही.
सरपंचांनी मान माझ्याकडे वळवलीच होती,
तेवढ्यात ती गॅलरीकडे वळली.
एवढंच. एकोणीस वर्षं एवढंच.

हल्ली सकाळी तलावाच्या कडेला तो भेटतो.
मफलर, हातात दुधाची पिशवी,
दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू;
आता कुणाची टाच दिसायची नाही.
बाकड्यावर सरकून जागा देतो
आणि विचारतो, दर वेळी, जणू पहिल्यांदाच:
“खरा सांग, तवा तुजा दम पुरला आस्ता ना रं?”

जिभेच्या टोकावर येतं.
पण तो असा पुढे वाकलेला असतो
तिसऱ्या फळीवरून वाकावं तसा.
“पुरला असता, काका.”
“मना ठावं व्हता,” म्हणतो,
आणि मांडीवर थाप मारतो,
माझ्या नव्हे, स्वतःच्या.

निघालो की मी तोंडातल्या तोंडात सुरू करतो,
कबड्डी कबड्डी कबड्डी.
फाटक अकराव्या झाडाशी आहे.
सातव्याला सुटतो.
मागे वळून बघतो.
तो दुधाची पिशवी दाबून बघत असतो,
अजून गार आहे की नाही.