वळून पाहण्याचे सेकंद

गोदोल्लोच्या पुढे, अकाशियाच्या रानाआड
जाळीचं कुंपण. कुंपणात एक लांडगा, बोर्श.
बोर्श म्हणजे मिरी. डोळे उघडायच्या आधी
मुठीएवढा होता, आणि तसाच काळा.
बोरोका केरेकेशने त्याला चार महिने
स्वेटरच्या आत वाढवला.
दर तीन तासांनी बाटली, ओल्या कापसाने पोट पुसणं,
वर्गात शिकवताना गळ्यापाशी त्याची वळवळ.
नवरा आधी हसला, मग बाहेरच्या सोफ्यावर झोपू लागला,
मग भावाकडे, सेगेडला.

प्रयोग साधा आहे.
तारेच्या पिंजऱ्याखाली मांसाचा तुकडा.
सहा वेळा पिंजरा नाकाने उलटवता येतो,
सातव्यांदा तो फळीला स्क्रूने आवळलेला.
मागे दोन पावलांवर ओळखीचं माणूस,
हात खिशात घालून.
कॅमेरा चालू.

पोस्टमनचा पुली, माझोला,
पंजा मारतो, दात लावतो,
आणि नवव्या सेकंदाला वळून
सरळ तिच्या तोंडाकडे पाहतो:
अगं, हे बघ ना जरा.
जटांमधून त्याचे डोळे दिसतच नाहीत,
तरी पाहतोय हे कुणालाही कळतं.
दोमोंकोश वहीत ९ लिहितो.

बोर्श वळत नाही.
दोन मिनिटं. तारेला हिरड्यांचं रक्त.
रकान्यात एक आडवी रेघ.

रेघ ही नोंद असते, अपमान नव्हे,
हे तीच विद्यार्थ्यांना सांगते दर सप्टेंबरात.
त्या रात्री मात्र तो विरलेला स्वेटर
टाकायच्या पिशवीतून काढून
तिने पुन्हा घडी घातली. पुन्हा पिशवीत ठेवला.

कुठल्या थंडीत, कुठल्या विझत्या राखेपाशी
कुणी पहिल्यांदा असं वळून पाहिलं असेल?
हाडं मिळतात. मानेचे मणकेसुद्धा मिळतात,
पण मान कुणाकडे वळली ते मणक्यांत उरत नाही.
तिच्या टिपणाच्या कडेला पेन्सिलीने एवढंच:
"त्याने पाहिलं, हे अर्धंच.
कुणीतरी खिशातून हात काढला असणार."

जानेवारी. उणे चौदा. वीज गेलेली.
ती कुंपणाच्या आत, आणि फाटकाचं कुलूप गोठलेलं,
किल्ली अर्ध्यात रुतून बसलेली.
तिने फुंकर घातली. लायटर पेटेना.
खांदा लावला. मेंढपाळ आजोबांची
एक जुनी शिवी वापरून पाहिली.
आणि मग, काही ठरवायच्या आत,
तिची मान वळली.

(नंतर आठवून मोजलं तर
अकरा सेकंद भरले असावेत.)

तीन हातांवर बोर्श.
त्याच्या श्वासाची वाफ, मिशांवर बर्फाचे कण.
तिच्या तोंडाकडे तो पाहत नव्हता.
पाहत होता कुलपाकडे.
मग जवळ आला, तिचा हातमोजा
नाकाने बाजूला सारला, किल्ली हुंगली
आणि लोखंडाला दात लावला.