तीस मिलिअँपिअर

बर्फाच्या कारखान्यात स्विच पुन्हा पडला.
मालक म्हणाले, मुश्ताक, बायपास कर,
बोटी खोळंबल्यात.

खारी हवा जोड खाते.
करंट जातो तेवढा परत येत नाही,
थोडा ओल्या लादीत झिरपतो.
हा डबा एवढंच मोजतो,
गेला किती, आला किती.
तीस मिलिअँपिअर कमी पडले की बंद.
त्याच्यापुढे माणूस असतो.

नाट्याच्या जेटीवर रोशनबी
होड्या अशाच मोजायची, बोटांवर.
एक कमी भरली
तर चूल पेटायची नाही.

मागल्या वर्षी क्रशरवर
शफीचा हात ओला होता.
बायपास मीच केलेला.

जांभ्यातल्या अर्थिंगच्या खड्ड्यात
मीठ, कोळसा, दोन घागरी पाणी ओततो.
फॉल्ट सापडेपर्यंत
बर्फ वितळू दे.