सुपूर्दनामा

म्हापशाच्या कोर्टात शिपायानं पुकारलं,
मुद्देमाल क्रमांक चार,
तेव्हा मी जागचा हललो नाही.
वकील बाईंनी कोपर मारलं,
अहो पुंडलिक, तुमचीच.

सात महिने ती चौकीमागच्या काजूखाली उभी,
एका बाजूला रेतीचा ट्रक, दुसऱ्या बाजूला
कुणाचा तरी जीव घेतलेली जीप.
हँडलवर घोसाळ्याचा वेल चढलेला,
त्याला दोन फुलंसुद्धा आलेली.
सीटच्या चिरेत मुंग्या.
पुढचा पिवळा मडगार्ड, ज्यावरून लोक
लांबूनच ओळखायचे की हा पायलट आहे,
तो सुकल्या केळीच्या पानासारखा झालेला.

अट अशी की रंग बदलायचा नाही.
मी मान हलवली.
ऊन कुठं सही करतं?

अट अशी की विकायची नाही, गहाण ठेवायची नाही,
राज्याबाहेर न्यायची नाही.
पात्रादेवीचा नाका मी आयुष्यात एकदाच ओलांडला,
बांद्याला मुलगी बघायला, तोही बसनं.
अट अशी की कोर्ट सांगेल तेव्हा, सांगेल तिथं
गाडी हजर करायची.
हे ऐकून मला हसू आलं, बाईंनी डोळे वटारले.
तेवीस वर्षं मी दुसरं काय केलं, साहेब?
शिट्टी आली की हजर.
बाळंतिणीच्या नवऱ्याला रात्री दोनला आझिलो हॉस्पिटलात,
पास्कू मास्तरांना दर रविवारी मिसेला,
परीक्षेला उशीर झालेली पोरं, पावसात, फुकट.

गाडीची किंमत लिहिली बारा हजार.
माझ्या शब्दाची हमी चाळीस.
चाळीस कुठून आणणार?
कायतान आफोंस पुढं आला, तीस वर्षं बोटीवर काढलेला,
ठेवीची पावती प्लास्टिकच्या पिशवीतून काढली,
शिरस्तेदारासमोर ठेवली
आणि बाहेर जाऊन बिडी ओढत बसला.
त्याबद्दल आम्ही अजून एक शब्द बोललेलो नाही.

मग चार बाजूंनी फोटो.
पुढून, मागून, डावीकडून, उजवीकडून,
चासिसचा नंबर कागदावर पेन्सिलीनं घासून घेतला.
माझ्या लग्नात एवढे फोटो निघाले नव्हते.
पंच म्हणून सोडावाल्याचा पोर, नेहमीचाच.
हवालदार गवंडळकर वेल उपटायला लागले,
मी म्हटलं, राहू द्या, मी काढतो.

तो पोरगा कोण होता ते मला आजही ठाऊक नाही.
कोलवाळच्या पुलाआधी म्हणाला, जरा हळू.
पाठीला त्याची बॅग लागत होती,
उशीसारखी मऊ.
नाक्यावर त्यानं उडी मारली, बॅग माझ्याकडेच राहिली.
आत काय ते पोलिसांनी उघडल्यावर मला कळलं,
तेही वासावरून नाही, त्यांच्या तोंडावरून.

शुक्रवारी बाजाराच्या स्टँडवर पुन्हा नंबर लावला.
नवा प्लग, नवी बॅटरी, रंग तोच, म्हणजे जो उरलाय तो.
तीन तासांनी पाळी आली.
एक म्हातारी, पिशवीचं तोंड काथ्यानं बांधलेलं,
म्हणाली, थिवीं स्टेशन, बेगीन.
बसली. पिशवी माझ्या पाठीला टेकली.
मऊ.

कोर्टानं जे लिहिलं नव्हतं ते मी विचारलं,
तेवीस वर्षांत पहिल्यांदा:
पिशवीत काय आहे, मावशी?

ती उतरली.
तुझ्या बापाचं काय आहे का, म्हणाली,
आणि मागच्या पायलटाच्या गाडीवर चढली.
आरशात मला दिसलं,
वळणावर गाडी उसळली, काथ्या सैल झाला,
आणि पिशवीतून एक लाल तुरा वर आला,
इकडं तिकडं बघायला लागला.

मी गाडी बंद केली,
ढकलत ढकलत
रांगेच्या शेवटी नेऊन उभी केली.