डावा मधला पाय

घणसोलीच्या खाडीवरून आणलेली ही माशी
तांदळाच्या कणीएवढी.
पाठ हिरवी, पितळेवर मोरचूद सांडावा तशी,
पाय मात्र कुणा उंच माणसाकडून उसने आणलेले.

टाचणीवर घेताना डावा मधला तुटला.
तो कार्डावर वेगळा चिकटवला
आणि भिंगाखाली मोजत बसले:
मांडी, नडगी, पावलाचे पाच पेर,
नडगीवर राठ केस चार. की पाच?
प्रजाती ठरते ती अशा केसांवर,
पंखातल्या एका शिरेच्या वळणावर,
आणि नराच्या पोटाखाली
जे दुमडून ठेवलेलं असतं त्यावर.
ही मादी.
वहीत प्रजातीपुढे प्रश्नचिन्ह.

तिवरांत चिंबोऱ्या धरणाऱ्या बामी मढवीला
मोबाईलवर फोटो दाखवला.
ओले हात लुगड्याला पुसून तिने तो लांब धरला.
"ही? ही तं ओहोटीला येते चिखलावं.
पुसलेल्या लादीवं पोर चालतं ना, तशी.
पाय भरवून घेत नाय."

रात्री पुन्हा भिंग लावलं.
तुटक्या पायाच्या शेवटच्या पेराला
वाळलेला चिखल, एक ठिपका.

ब्रश उचलला होता.
ठेवून दिला.