दोन ग्रॅम

शाळेच्या पुस्तकात एका ओळीत उरकलं होतं :
उत्प्रेरक अभिक्रियेत भाग घेत नाही,
फक्त तिचा वेग वाढवतो.
मी तसंच लिहिलं. पैकीच्या पैकी मिळाले.

लोट्याला पहिल्याच दिवशी
इक्बाल परकारांनी डबा उघडून दाखवला.
आत काजळ. ओलं, जड,
चुलीमागच्या भिंतीवर साचतं तसं.
"कोळशावर बसवलेलं पॅलेडियम, मॅडम.
याला सुकू द्यायचं नाय.
सुकलं की पेट घेतं,
आमच्या थोरल्या भावासारखं."
हसले. दातांच्या फटींतही काळं.

भाग घेत नाही म्हणे.
मी पाहिलं नाही, पोलादाच्या आत कुणीच पाहत नाही,
पण हायड्रोजन येतो जोडीजोडीनं, हात घट्ट धरून,
आणि हा धातू त्याला अंगावर घेतो,
जोडी सोडवतो,
एकेकाला कडेवर मारून
नायट्रोच्या दारात पोचवतो.
रिकाम्या कडेनं मागे. पुन्हा खेप. पुन्हा.
बाहेर आम्हाला दिसतो फक्त दाबाचा काटा :
पडतोय तोवर काम चालू,
थांबला की झालं.

परकारांना काटा लागायचा नाही.
रिअॅक्टरच्या पोटाला हाताची पाठ लावायचे,
तापलेल्या पोराचं कपाळ बघावं तशी,
आणि म्हणायचे,
"उतरला."
योगायोग असा की आम्ही बनवायचो
तापाच्याच गोळीची अर्धी पूड.
उरलेली अर्धी वाट गुजरातेत.

डिसेंबरात ताळा जुळेना.
एकतीस ग्रॅम कमी.
सोन्याशी भाव सांगणारं काजळ.
मी पुन्हा मोजलं, पुन्हा मोजलं, सही केली.

संध्याकाळी गेटवर परकारांचा डबा उघडला.
तांदळाची भाकरी, अर्धी.
तिसऱ्यांचं सुकं, दुपारी न संपलेलं.
रखवालदारानं एकेका शिंपल्यात बोट घालून बघितलं.
परकार जांभ्याच्या गडग्याला टेकून उभे.
वर बसथांब्यावर चिपळूणची गाडी
आली, थांबली, गेली.

आमच्याकडे 'विष चढणं' म्हणतात :
गंधकाचा लवलेश लागतो आणि धातूचा एकेक हात बांधला जातो.
वजन तेवढंच. रंग तोच.
फक्त खेपा थांबतात.

परकार येत राहिले. वेळेवर.
काट्याकडे बघून वहीत आकडे लिहायचे.
हाताची पाठ खिशात.
जानेवारीच्या पगारानंतर आले नाहीत.

फेब्रुवारीत गाळणीची जुनी फडकी जाळली.
राखेत निघालं एकोणतीस ग्रॅम,
धाग्याधाग्यात शिरून बसलेलं,
जिथे रोज राबलं तिथेच.
मी पत्र टाइप केलं.
साहेबांनी 'खेद' खोडून 'नोंद' केलं.

ते पत्र घेऊन दाभोळला गेले.
खाडीला ओहोटी होती. चिखलात कलंडलेल्या होडीपाशी
परकार इंजिनाचे नट उघडत होते,
बोटं पुन्हा काळी, या वेळी ग्रीसनं.
वाचलं. घडी घातली. लुंगीच्या कनवटीला खोचलं.
"एकोणतीस," म्हणाले.
"आणि दोन?"
मला उत्तर आलं नाही.
भरती लागेपर्यंत त्यांनी मला पाना धरायला लावला.
चहा पाजला. पुन्हा तो विषय नाही.

गोळीत धातू उरता कामा नये, असा नियम आहे.
मीच तपासते. दहा लाखांत मोजून काही भाग, त्यावर नाही.
कधी सापडत नाही.
उत्प्रेरक कुठेच नव्हता,
असं माझ्या सहीनं दर आठवड्याला सिद्ध होतं.

परवा मला ताप भरला.
गोळी जिभेवर धरून ठेवली जरा वेळ,
कडू होऊ दिली.
मग हाताची पाठ
स्वतःच्या कपाळाला लावून बघितली.
नाही कळत.
त्याला दुसरं कुणी लागतं.