उणे बारा

इंदुकला नागवेकर, नववी ब.
क्ष वर्ग वजा एकशे चव्वेचाळीस बरोबर शून्य.
तिने एकशे चव्वेचाळीस पलीकडे नेले, चिन्ह बदललं,
वर्गमूळ काढलं:
क्ष बरोबर बारा. खाली दोन रेघा, पट्टीने.
मी अर्धा गुण कापला
आणि समासात लिहिलं, दुसरं उत्तर कुठे?

मधल्या सुट्टीत वही घेऊन आली.
"सर, आमची कोंडी बारा हातांची.
उणे बारा हात बांद कसो घालतात?"
दारातली पोरं हसली. मीही, जरा उशिराने.
फळ्यावर लिहिलं: उणे गुणिले उणे, अधिक.
तिने मान हलवली,
नावडती भाजी वाढली जात असताना हलवावी तशी.

शनिवारी आगरवाड्याच्या मिठागरावर गेलो.
झिलू नागवेकर घोटाभर पाण्यात
फळीने मीठ ओढत होता.
गप्पांना काहीतरी हवं म्हणून विचारलं,
हिच्या दुप्पट कोंडी करायची
तर बाजू किती धराल?
चोवीस म्हणेल, असं वाटलं. वर्गात निम्मे म्हणतात.
त्याने सुंभाची दोरी घेतली,
या कोपऱ्यातून त्या तिरक्या कोपऱ्यात ताणली,
अंगठ्याशी गाठ मारली.
"ही बाजू."

दोनशे अठ्ठ्याऐंशीचं वर्गमूळ.
सोळा पूर्णांक सत्त्याण्णव शतांश, तेही जवळपास;
खरं तर ते कुठे संपतच नाही.
दोरी मात्र संपली होती,
गाठीपाशी.

मग मानशीकडे बोट करून म्हणाला,
"ती पलीकडची पण आमचीच. तीही बाराच."
पलीकडे नुसती नदी.
एक वाकडा खुंट, त्यावर बगळा.
बांध फुटला त्या वर्षी शापोरा आत आली,
ती परत गेलीच नाही.
"पण मोजताना सोडत नाही आम्ही.
खुंटापासून धरायचं.
बारा अलीकडे, बारा पलीकडे."
इंदुकला ऐकत होती की नाही, कोण जाणे.
पायाच्या अंगठ्याने मिठाचा खडा
चिखलात दाबत होती,
तो पुन्हा वर येत होता.

वार्षिक परीक्षेला तोच प्रश्न मी पुन्हा घातला.
मुद्दाम, हे कबूल करतो.
तिचा पेपर गठ्ठ्यात अकरावा.
क्ष बरोबर अधिक बारा, किंवा उणे बारा.
उणे बारापुढे बारीक अक्षरांत एक शब्द:
पाण्याखाली.
नमुना उत्तरात या शब्दाला गुण नाहीत.
तो खोडावा, असं काही पुस्तकात सापडलं नाही.
पेनाचं टोपण लावलं, परत काढलं,
आणि पुढच्या प्रश्नाकडे वळलो.

क्ष वर्ग अधिक नऊ बरोबर शून्य.

बाकीच्यांनी तीन लिहिलं होतं, उणे तीन लिहिलं होतं,
एकाने दोन्ही, एकाने शून्य.
तिने आकडा लिहिलाच नव्हता.
पट्टीने दोन रेघा,
आणि त्यांच्या वर:
अशी कोंडी नसते.